मिरवणुकीची यादी

राठोड सर, तुमी तुमच्या लिखाणातून माहं पान काढून टाकलं, ते मले पटलं नाही. हो चंपाबाई, आधी पाहुण्यायची नावं घ्या म्हनून मागून खुणावता, घेते. निरोपाच्या सभेचे अध्यक्ष शेषराव पाटील, वाशीमहून आलेले कॉलेजचे पाहुणे, अन् समोर बसलेल्या किन्हीराजा गावच्या मंडळीले वच्छलाचा जय भीम अन् रामराम.

सर वर्षभर घरोघरी फिरले. चार वर्सामागची आणीबाणी कशी आठवते, ते इचारलं. कोनाच्या घरचं पानी नाही म्हटलं नाही. असा मानूस जाऊन राह्यला, वाईट वाटते. पन काल त्यायनं वाचून दाखवलं, का नसबंदीच्या गाडीत आमच्या वस्तीतले अकरा गडी नेले, अन् त्यायची नावं मतदार यादीतून घेतली. चाळीस जनांनी तसं सांगतलं म्हने.

मी काय सांगतलं होतं? आणीबाणीत एक सरकारी साहेब दारात आला. "बाई, वस्तीत धडधाकट गडी किती?" मले वाटलं, रस्त्याचं काम निघालं. जयंतीच्या मिरवणुकीत लेझीम कोन खेळते, निशाण कोन धरते, ती यादी माह्या पेटीत राहे. मी हौसेनं काढून देली. तिसऱ्या दिवशी गाडी आली. नावं त्याच ओळीनं पुकारली, लेझीमवाले आधी, निशाणवाला भिवाजी शेवटी.

सर म्हनले, "तुमचं एकलीचं सांगनं बाकीच्यायशी जुळत नाही." कसं जुळन? भिवाजी तवा एकोणीस वर्साचा, लग्न व्हायचं होतं. मतदार यादीत नाव याले एकवीस लागते, हे मले अडाणीले समजते, चाळीस जनाले काहून समजत नाही? आज त्याले कोनी पोरगी देत नाही.

त्याची माय भागिरथा तिसऱ्या रांगेत बसली हाय. तिले सारं ठाऊक हाय. तरी "मतदार यादीच होती वच्छे" म्हनून मले चहा पाजते. तो चहा नको वाटते, अन् नाहीबी म्हनता येत नाही. कोनी शिवी देत नाही, कोनी दार लावत नाही. मले झाकून घेन्याच्या या चांगुलपणात मी कोंडली. यंदा जयंतीले यादी मांगली, मी पेटी उघडली नाही. अन् आता सर, तुमी पुस्तकानं बाहेरून कडी लावून राह्यले.

तुमी आमचं ऐकून घेतलं, उपकार हायेत. बोलन्यात काही जास्त-कमी झालं असन तर पोटात घाला. पन माहं पान लिहिता का नाही, ते बुद्ध पौर्णिमेच्या आत कार्डावर कळवा. अन् भागिरथाबाई, पौर्णिमेच्याच दिवशी मी तुह्या घरी येते. चहा ठेवू नको. काय बोलायचं ते बोल.