दारातला शिपाई

गोंडपिपरीच्या बसस्टँडवर गाडीची वाट पाहणाऱ्या केवळरामच्या कानावर मागच्या बाकड्यावरच्या दोन म्हाताऱ्यांचं बोलणं पडलं.

"ठमाबाई, घर नावावर करून दे म्हणून पोरगा अजून तरास देते का?"

"देते ना. म्हणून तं ठाण्यातल्या साहेबानं घरी चक्कर मारासाठी शिपाई लावला."

"लहानपणी किती भित्रा होता तुहा श्रीहरी."

"मोहफुलं वेचून आल्यावर त्याले भात भरवो. नाई जेवला का मंग म्हणो, पोलीस आला. तसा माह्या लुगड्यामांगं लपे. मंग मी दारात जाऊन खोटंच सांगो, जा साहेब, जेवते तो."

"अन् आता?"

"काल खराच शिपाई आला. अन् श्रीहरी, एवढा मोठा बाप्या माणूस, माह्याच मांगं येऊन उभा राह्यला."

"मंग शिपायाले काय म्हनलं?"

"म्हनलं, जा साहेब, जेवते तो."