खिंडीतली गजरा

ऐका. आणि बबन, तो मोबाइल खाली ठेव रं, उजेड माझ्या डोळ्यात येतोय. हां. ज्याला हसायचं असंल त्यानं घरी जावं. ही गोष्ट हसायची न्हाई.

हिंदुराव आपल्याच गावचा. दिवस बुडाला आणि त्यानं मोटरसायकल काढली. पोरगी राणू, एवढीशी, छातीशी शालीनं बांधलेली. पोटात कळा, पापण्या मिटायला लागलेल्या, जीभ जड. बायको म्हणली, "तालुक्याच्या दवाखान्यात न्या हो!" तर हा काय म्हणला? "दवाखान्याचं काम न्हाई हे. करणी हाय." आणि निघाला खिंडीच्या वाटंनं, पल्याडच्या वाडीला, म्हाळू देवरुष्याकडं.

आदल्या साली ह्याचा पोरगा असाच गेला व्हता. अशाच कळा, अशाच पापण्या. तवा म्हाळूनं लिंबू कापलं न् सांगितलं, "घरातलीच बाई हाय. पांढऱ्या कपाळाची." घरात पांढऱ्या कपाळाची एकच. गजरा. ह्याच्या थोरल्या भावाची विधवा. आई मेल्यावर तिनंच ह्याला घास भरवून वाढवलेलं! तिला त्या खिंडीत ओढत नेली. गावातनं नेलेल्या निरगुडीच्या फोकांनी मारली. "कबूल कर! कबूल कर!" काय कबूल करायचं तिनं? तिथंच पडली न् तिथंच मेली. आणि गावानं काय सांगितलं? पाय घसरून पडली! अख्ख्या गावानं! चंद्रावर यान उतरलं तवा टाळ्या वाजवणारं गाव हे. थू!

जाऊ दे. ऐका.

हिंदुराव खिंडीत शिरला. मागनं हाक आली. "भावजीऽऽ..." पहिल्या हाकेला ओ द्यायची नसती, ठावं हाय नव्हं? न्हाई दिली. पुढं रस्त्याखालची मोरी आली. ओलांडली. जरा गेला, तर पुन्हा तीच मोरी! ओलांडली. पुन्हा तीच! चकवा लागला, चकवा! आणि निरगुडीचा वास सुटला. त्या खिंडीत निरगुडीचं एक झाड न्हाई बरं का. एक न्हाई!

मग गाडी जड झाली. मागं कुणी बसल्यावर कशी दबती, तशी दबली. मानंवर गार श्वास. तेवढ्यात राणू शालीतनं बोबडं बोलली, "आबा, काकी बसलीया मागं."

गाडी बंद. दिवा तेवढा चालू. आणि त्या उजेडात, समोर, गजरा! पाठमोरी. लुगडं फाटलेलं. पाठीवर वळ, अजून ओलं.

"वहिनी, माझा जीव घे!" हा रडायला लागला. "पोरीला सोड!"

ती वळली. "मी धरलीच न्हाई तिला. पोरालाबी धरलं नव्हतं. घसा फुटंस्तवर सांगत व्हते. ऐकलंस?" खिंड दणाणली. "हिला म्हाळूकडं नेलंस तर ही मरंल. मग तो पुन्हा लिंबू कापंल. आता घरात एकच बाई राहिलीय. तुझी बायको. तिला कुठल्या खिंडीत मारशील?"

ह्यानं गाडी फिरवली. तोंड तालुक्याकडं केलं न् एका किकमध्ये चालू! पण मागचं ओझं उतरलं न्हाई. दवाखान्याच्या फाटकापर्यंत उतरलं न्हाई.

डॉक्टरीणबाईनं पोरीच्या पापण्या उचलून बघितल्या. "मण्यार चावलीय. जमिनीवर झोपता का? ह्या सापाच्या दाताची खूण दिसत न्हाई. अजून उशीर केला असता तर श्वास थांबला असता." सापाची लस दिली, नळ्या लावल्या. पहाटं पोरीनं पाणी मागितलं.

तवा हिंदुरावानं पोराचं विचारलं. सगळं सांगितलं, कळा, पापण्या, सगळं. बाई म्हणली, "त्यालाबी सापच चावला असणार."

गडी तिथं फरशीवर बसला न् गुरागत वरडला. सकाळी स्वतःच्या पायानं ठाण्यात गेला. स्वतःचं नाव सांगितलं, सोबत व्हते त्यांचं सांगितलं, म्हाळूचंबी सांगितलं. हा अजून आत हाय. म्हाळू? जामिनावर सुटला. आता व्हिडिओ कॉलवर लिंबू कापतोय! आणि लोक बघत्यात! शिकलेसवरलेले बघत्यात!

त्या खिंडीच्या वाटंनं जाऊ नका. गजरा हाय तिथं. तिचा राग उतरला न्हाई, आणि का उतरावा? हिंदुरावाला पोरीपायी सोडलं. तुमच्या छातीशी पोर बांधलेलं नसंल.

खाली काय बघतोस बबन? दुपारी पारावर तुम्ही त्या एकट्या बाईचं, अंजिराचं नाव घेत व्हता. म्हस तिच्या करणीनं आटली म्हणून. उद्या म्हाळूला आणायचा म्हणून. मी म्हातारी हाय, बहिरी न्हाई.

ही वाकळ घेतली मी. आजपासनं अंजिराच्या उंबऱ्यात झोपणार. तिला न्यायची असंल तर आधी मला ओलांडा.