मनमाडचं तिकीट

एकालाही डोळे नाहीत इथं! रोज गाडी येते, रोज जाते, आणि लोक बघतात काय — तर बसायला जागा! टेका हो अमरचंदशेठ, तुमचे पाहुणे उतरायला वेळ आहे, सिग्नल आत्ता पडला. — मी? मी मनमाडला. हे तिकीट. सरहद्दीवरच्या कॅम्पात मित्र आहेत माझे, निजामी राज्याविरुद्ध — हळू बोलू? का हळू? सगळं परतूर हळू बोलतं, म्हणून तर ही गत!

बघा, आली. ड्रायव्हरनं टोकनचं वेताचं कडं फेकलं, मास्तरांनी न बघता झेललं! ती बाई खिडकीतून लेकरू आत देतेय, आतला कुणी परका हात ते घेतोय — नाव नाही, गाव नाही! हे सुंदर आहे शेठ, आणि तुम्ही कापसाच्या गाठींकडं बघून राह्यलात. हैदराबादला चार वर्षं कॉलेजात काढली, हे कुणी शिकवलं नाही.

आणि हे लोक! ऐका, चढणारा जो तो म्हणतो — येतो. अरे, जाताय ना? मंग जातो म्हणा! मी परवा घरी म्हणालो — आई, जातो. स्पष्ट. तिची तव्यावरची भाकरी करपली. म्हणून परत गेलो — तेवढं एक "येतो" म्हणायला, दुसरं काही नाही. काल? काल म्हणालो की, नीट म्हणालो. पण काल डब्यात पोलीस होते. दोन. झोपलेले होते, पण पोलीसच ना? आणि आज — आज आईनं शिदोरी एकाच वेळची बांधली. एकाच! म्हणजे तिला काय वाटतं? — चढतोच आहे शेठ, ढकलताय कशाला, गार्डाची शिट्टी तर — बघा, झेंडी कशी उलगडली, चाकं कशी, एकदम नाही, एकेक — अहो शेठ? पाहुणे घेऊन निघालात? जा, जा! तुम्हाला काय कळणार यातलं! तुमच्यासारख्यांमुळंच हे राज्य —

तू काय बघतोस, पुंजाराम? हमाल आहेस, ओझी उचल!

"उद्या तिकीट नका काढू, दादा. नुसतं बघायला लागत न्हाई."