बुटकीचा फुल फॉर्म

—न्हाई, न्हाई, ती शाल घडीतच राहू द्या सर, नारळ बी ऱ्हाऊ द्या, आन् त्या बाजंवर बसा. चपला काढू नका, खाली लेंड्या हायेत. शेळ्यांचं घर हाय हे. पानी घ्या. संघप्रिया यील की, ताडकळसला शिकवणी घ्यायला गेलीया. तवर तिच्या बापाशी बोला. मला घाई न्हाई. तुमाला हाय? — असणारच. सोमवारी युनिव्हर्सिटीची कमिटी बसायली, तुमच्या पुस्तकांवर. आन् तुमाला पायजे की पोरीनं तेच्या आधी अर्ज वापस घ्यावा. येवढंच ना? बसा मग.

दोन्ही पुस्तकं हायेत माझ्यापाशी. एक ते शून्य-एकचं, आन् एक कंप्युटर एकमेकाला जोडायचं. जिल्दीवर तुमचा फोटू — टाय लावल्याला. मला अक्षर येत न्हाई सर, पर चित्रं बगतो. त्या जोडायच्या पुस्तकात एक चित्र हाय, चार डबे आन् मधी तार. डब्यांवर नावं हायेत. वाचता येत न्हाई, पर पाठ हायेत — चांदी, मोरनी, कानी, बुटकी. ती बगा, खुट्याला बांधल्याली, ती चांदी. मोरनी आन् कानी माळावर गेल्यात. आन् तुमच्या प्यांटीला हुंगायली ना, ती बुटकी. पाय वढू नका, चावत न्हाई. वळख करून घ्यायली.

लॉकडाऊनला कालेज बंद पडलं, प्रिया घरी आली. दिसभर ह्याच बाजंवर ही दोन्ही पुस्तकं लिहीत बसायची. एकदा म्हणली, बाबा, येवढ्या शेळ्या एका जागी, त्यात एक करडू वरडलं तर मान कोन वर करती? म्हणलं, ऐकत्यात सगळ्या, पर मान वर करती ती तेची मायच. टाळी वाजवली पोरीनं! म्हणली, हेच नेटवर्क, बाबा. तसंच लिहिलं, आन् आपल्याच शेळ्यांची नावं घातली. तुमी तिचे हेड, तुमाला तपासाया दिलं. तुमी म्हणलाव, छापायचं मी बगतो. — बगितलं की! परभणीत दुकानावर पोरं पुस्तक घ्यायलेली, हिनं उघडून बगितलं, तर आत आमच्या शेळ्या आन् वर तुमचा टाय. तुमाला इचाराया आली, तर पुढच्या जूनपासून तिचे तास बंद. तासाच्या पैशावर शिकवणारी बाई, बंद कराया काय लागतंय? पेन बी लागत न्हाई.

पर एक काम तुमी लय ब्येस केलं. वर्गात एका पोरीनं उठून इचारलं, सर, बुटकी म्हंजे काय? तीच पोरगी आता प्रियाकडं शिकवणीला येती, तिनंच सांगितलं. आन् तुमी दम बी न घेता म्हणलाव, त्येचा फुल फॉर्म असतो! इंग्रजी अक्षरं घेतली, हरेकाला एकेक शब्द जोडला. बरं, तिथं खामोश ऱ्हायचं — तर न्हाई, दुसऱ्या छपाईत चित्राखाली घातला. प्रिया मला वाचून दावत व्हती आन् हसत व्हती, डोळ्याला वढणी लावून. पोरं परीक्षेत लिहायलीत म्हणं. मार्क बी भेटायलेत. — शेळी हाय सर ती. बुटकी म्हंजे ठेंगणी. दुसरं काय न्हाई.

म्हणून सोमवारी तिला आणणार हाय मी. टमटम सांगून ठिवलाय. कमिटीच्या दारात बांधीन आन् म्हणीन, साहेब, आदी सरांना हाक मारू द्या, मग मी मारतो. मान कोनाकडं फिरती ते बगा... न्हाई हो, मला राग न्हाई. राग असता तर कवाच निवला असता. मी शेळ्या राखल्या सर, जलमभर, मला वाट बगता येती. माझं म्हणणं येवढंच, जवा जवा कुनी तुमचं नाव घेईल, तवा मागून कुनीतरी ब्यां करावं. वर्गात. सत्कारात. तुमच्या पोराच्या लग्नात, अक्षता पडताना बी. बस.

काय म्हणलाव? तिसऱ्या छपाईत तिचं नाव ऋण... ऋणनिर्देशात? म्हंजे उसनं घेतल्याचं? उसनं इचारून नेत्यात सर. न इचारता नेल्यावर आमच्याकडं येगळा शब्द हाय, तो अडाण्याला बी येतो.

प्रियाची मर्जी काय म्हंता? तिचीच तर हाय! तिनंच लिहिला अर्ज, सही तिची. लिहिला, आन् चुलीत घालायली व्हती — म्हणली, सोडा बाबा, ह्या मानसांसंगं कोन लढावं. म्हणलं, आन इकडं, मी टाकतो. आन् टाकला. पोस्टाच्या पेटीत. कमिटीचा कागद घरी आला तवा कळलं तिला, तवापासून माझ्याशी बोल—

असं हसायलाव का सर? थांबता? आता आरामात थांबता म्हंता? पाय बी लांब केलाव. ...बगा, मी बोलून बसलो. लेकरानं नको म्हणलं व्हतं, खुन्नस माझीच हाय, खरं हाय. पर तिला गोड बोलू नका. हात जोडतो. ती लवकर इश्वास ठिवती, तवा बी ठिवला—

प्रिया. कवा आलीस गं? गाडीचा आवाज न्हाई आला. ...सर आल्यात. शाल आणलीया तुला. बोल त्यांच्याशी. तू म्हणशील तसं. मी मधी येत न्हाई.

काय?

...सातला. सोमवारी सातला निघायचं, बाई. न्हाई न्हाई, तू म्हणशील तर सहाला निघू.

उठा सर. ऐकलं ना? कितीक दिसांनी बोलली ती माझ्याशी, आन् तुमी हितं नको मला. शाल घ्या. नारळ घ्या. गल्लीत तुमची गाडी वळवाया जागा न्हाई, उलटीच न्या, मागं मागं, पार सडकंपतोर. बाया-मानसं वट्यावर बसल्यात, बगतील. बगू द्या. जावा.