धुतलेलं झबलं

जनावरांच्या दवाखान्यात अजून नंबर लागायचा होता. मांजर मांडीवर घेऊन बसलेल्या शिक्षिकाबाईंना दुसऱ्यांचं बोलणं ऐकायची मुळीच हौस नव्हती. पण बाकच एवढं आखूड, की शेजारच्या मायलेकींचा शब्दन् शब्द कानावर पडत होता. कुत्र्याच्या पिल्लाची टोपली लेकीने छातीशी घट्ट धरली होती.

"अगं, यात तुझा फ्रॉक कसा? डॉक्टरांनी बाळाचं झबलं ठेवायला सांगितलं होतं ना?"

"माझा वास नको का पिल्लाला कळायला?"

"तू मोठी आहेस. तू त्याच्यापाशी गप्प बसतेस, ते खात असलं की हात लावत नाहीस. बाळाला काय कळतंय? रांगत जातं आणि शेपूट ओढतं. मी जवळ असतेच, पण वास ओळखीचा असला की पिल्लू बिचकत नाही."

"माझ्याकडे येतं ते. लगेच येतं."

"हो, आणि बाळ दिसलं की गुरगुरतं! तरीच म्हटलं, असं का करतंय. झबलं कुठंय?"

"धुतलं."

"कुणी?"

"मी. साबण लावून. तीनदा."

"तीनदा? काय सांडलं होतं त्यावर?"

"काही नाही. वास जातच नव्हता."

"अगं वेडाबाई, बाळाचा वास काय वाईट असतो?"

"तुझ्या अंगालाही तोच येतो."