विरजणाचा परवाना

उस्ता स्पास : हळू, हळू! एका वेळी एकीनं बोला. केराना, पुन्हा सांग. मडकं कधी गेलं?

केराना : दोनदा. मागच्या साली आणि या साली. गेर्ग्योव्देनच्या सणाला मेंढ्यांची पहिली धार काढायची, त्याचं दही लावायचं, आणि दुसऱ्या दिवशी दुपारी मी ओढ्यावर गेले की ही बाई घरात! मागच्या साली मी बिचाऱ्या मांजरीला झोडपलं. या साली साबण विसरले म्हणून परत फिरले, तर ही आत उभी.

नेव्हेना : मडकं नाही नेलं उस्ता. वाटीभर विरजण नेलं.

केराना : तुम्ही सहकारी शेतीवाले असाल तर सरळ सांगा. मेंढ्या नेल्यात, पाच ठेवल्यात. आता दह्यातही वाटा हवा?

उस्ता स्पास : अगं, आम्ही सहकारीवाले नव्हे. हा एस्नाफ आहे, म्हणजे आमची पंचायत. काळवाटेनं मागं-पुढं जाणाऱ्यांचे तंटे आम्ही मिटवतो. गिरणीवाल्या लाझोनंच तुला इथे पाठवलं ना?

केराना : पाठवलं. पण लाझो प्यायल्यावर काहीही सांगतो. म्हणजे ही बाई खरंच पुढच्या सालातली?

उस्ता स्पास : बऱ्याच पुढच्या.

केराना : कितव्या?

उस्ता स्पास : ते विचारायचं नाही. हे बघ, हिच्याकडे परवाना आहे. हिच्या घरचं विरजण मेलं की वर्षातून एकदा येऊन न्यायचं. फक्त विरजण.

केराना : आणि ते दर वर्षी मरतं?

नेव्हेना : दर वर्षी.

केराना : मग बाई, तुम्ही दही लावता की पुरता?

उस्ता स्पास : टोमणे नकोत. झालेलं नुकसान सांग.

केराना : दह्याचं जाऊ द्या हो! वाटीभर दह्यासाठी मी डोंगर चढून आले नाही. चोर हात मारतो आणि पळतो. ही पाळण्यापाशी उभी होती. माझी रुझा झोपली होती, आणि ही तिच्याकडे बघत रडत होती. तेव्हापासून मी पोरीला खाली ठेवलेलं नाही, उस्ता. पाठीला बांधून फिरते. मला भीती वाटते. कोण आहे ही?

नेव्हेना : मी हातसुद्धा लावला नाही तिला. शपथ घेते.

केराना : मग बघत काय होतात?

उस्ता स्पास : उत्तर द्यायचं नाही, नेव्हेना. नियम आहे.

केराना : तुमचे नियम घाला चुलीत! हिचा परवाना बंद करा. मला एवढंच हवंय.

उस्ता स्पास : करता येईल. नेलेलं विरजण नीट वापरत नसेल तर करावाच लागेल. नेव्हेना, दही लावतेस कसं? सगळं सांग.

नेव्हेना : सगळे लावतात तसंच. दूध तापवते. निवत ठेवते. मग करंगळी बुडवून नऊपर्यंत मोजते. तोवर चटका सहन झाला की विरजण घालते आणि मडकं घोंगडीत गुंडाळते.

केराना : कितीपर्यंत?

नेव्हेना : नऊ.

केराना : उस्ता, तुमच्या घरी किती मोजतात?

उस्ता स्पास : तीन. सगळीकडे तीनच मोजतात.

केराना : नऊ मी मोजते. ही करंगळी बघा. लहानपणी निखाऱ्यात गेली, तेव्हापासून हिला ऊन-गार लवकर कळत नाही. माझे नऊ म्हणजे तुमचे तीन. धड बोटानं नऊ मोजले तर दूध पार थंड झालेलं असणार. त्यात कसलं दही लागतंय, कपाळ! पण हे मी कुणाला सांगितलेलं नाही. सासूलासुद्धा नाही, लाज वाटते. माझ्या चुलीपाशी बसून जी शिकेल तिलाच फक्त...

उस्ता स्पास : केराना, इथे नातं काढायचं नाही!

केराना : मी कुठे काढतेय? ते आपणच निघालं. ए, इकडे बघ. माझ्याहून वयानं मोठी आहेस तू. पण तू माझ्याकडून शिकलीस ना?

उस्ता स्पास : उत्तर देऊ नकोस.

केराना : माझ्याकडून का? पोरी दही आईकडून शिकतात. तू आईकडून का नाही शिकलीस?

(नेव्हेना केरानाच्या पाठीवरच्या रुझाकडे बघते.)

केराना : मी काही विचारलं नाही. उस्ता, ते लिहू नका.

उस्ता स्पास : मी काही लिहिलेलं नाही. चला, मिटवून टाकू. चूक सापडली. आता ही तीन मोजेल, हिचं दही लागेल, परवाना आपोआप संपेल. तुझ्या मनासारखं झालं, केराना.

नेव्हेना : नको, उस्ता. मला तीन नको.

उस्ता स्पास : अगं, दही लागेल तुझं!

नेव्हेना : दही कुणाला हवंय!

केराना : थांबा. मी तक्रार मागे घेते.

उस्ता स्पास : घे की. पण तीनचं काय? हिला आता कळलंय.

केराना : काय कळलंय? भाजक्या बोटाची बाई काहीतरी बडबडली. नेव्हेना, ऐकतेस ना? नऊच मोजायचे.

उस्ता स्पास : दही लागणार नाही.

केराना : नाही लागणार.

उस्ता स्पास : म्हणजे ही पुन्हा येणार.

केराना : येऊ दे.

उस्ता स्पास : माझ्या डोक्याचं दही केलंत दोघींनी! एक चोरी पकडून आणते आणि तीच चोरी शिकवते.

नेव्हेना : पण मग तू मला नऊ शिकवलंस, तेव्हा तुला माहीत होतं? की चुकून शिकवलंस? मला काही कळत नाहीये.

केराना : मलाही नाही. एवढं सांग, तुझं दही बिघडताना मी बघितलं होतं?

नेव्हेना : कितीदा तरी.

केराना : आणि कधी म्हणाले, की तीन मोज?

नेव्हेना : नाही. शेवटपर्यंत नाही.

केराना : मग माहीतच असणार.

उस्ता स्पास : परवान्यावर कारण काय लिहू?

केराना : लिहा, विरजण मेलं. आणि तू गं, दुपारी नको येत जाऊस. दुपारी रुझा झोपलेली असते. सकाळी ये.