फिटल्यावर

बायको — पण कागद कुठायत?

नवरा — अगं, आधी पाणी तरी दे. उन्हातून आलोय.

बायको — पाणी पुढ्यातच आहे तुमच्या, मघाशी ठेवलंय. सकाळी एवढी मोठी फाईल काखोटीला मारून गेलात. "आज घराचे कागद घेऊनच येतो" म्हणालात. आणि फाईल गेली तशीच सपाट परत आली.

नवरा — केक आणलाय ना. तो बघ, तुझ्या शिलाई मशीनवर ठेवलाय.

बायको — केक कुणी सांगितला होता?

नवरा — तूच. कर्ज फिटलं की त्या दिवशी केक आणा म्हणाली होतीस.

बायको — मग? फिटलं ना?

नवरा — केक मी जातानाच घेतला गं. येताना दुकान बंद असलं तर काय, म्हणून. मग बँकेत दोन तास तो मांडीवर घेऊन बसलो. एका बाजूने जरा दबलाय.

बायको — मी काय विचारतेय आणि तुम्ही काय सांगताय! काय म्हणाली बँकेतली मुलगी?

नवरा — थोडंसं राहिलंय म्हणाली.

बायको — थोडंसं म्हणजे?

नवरा — थोडंसं म्हणजे थोडंसं. होईल.

बायको — हे बघा, मला दहा मिनिटं सांगू नका.

नवरा — काय?

बायको — तुम्हीच सांगता ना तुमच्या कामाचं. लिफ्ट दोन मजल्यांच्या मध्ये अडकली की आतल्या माणसाला बाहेरून ओरडून काय सांगायचं? दहा मिनिटं. दोन तास लागणार असले तरी दहाच मिनिटं, नाहीतर माणूस घाबरतो. मी काही लिफ्टमध्ये अडकलेली नाहीये. किती राहिलंय?

नवरा — सात.

बायको — सात हप्ते? एवढंच ना? मग तोंड कशाला पाडलंय एवढं! भाडेकरू मास्तर मागची खोली सोडून गेले म्हणून काय झालं, मी अजून एका शाळेचे गणवेश घेते शिवायला. सात महिने काय, असे निघून जातील.

नवरा — वर्षं.

बायको — कसली वर्षं?

नवरा — सात वर्षं राहिलीत.

बायको — काहीतरीच! चुकली असेल ती. दुसऱ्या कुणाचं खातं उघडलं असेल. आपल्या आडनावाचे खंडीभर आहेत गावात.

नवरा — मीही तेच म्हणालो. तिने पुन्हा बघितलं, पुन्हा बघितलं, मग मॅनेजरला बोलावलं. तो खुर्ची ओढून माझ्या शेजारी येऊन बसला. वाईट बातमी सांगायची असली की डॉक्टर बसतात ना, तसा.

बायको — वीस वर्षांचं कर्ज होतं. या महिन्यात वीस पूर्ण झाली. एक हप्ता चुकवला का आपण? तुम्ही पाठ धरून महिनाभर आडवे होतात तेव्हासुद्धा मी तापात मशीन चालवली.

नवरा — चुकवला नाही, ते त्यालाही मान्य आहे. तुमच्यासारखे ग्राहक मिळत नाहीत म्हणाला.

बायको — मग त्याला म्हणावं कागद दे!

नवरा — अगं, मधल्या काळात व्याजाचा दर वाढला. एकदा नाही, बऱ्याचदा.

बायको — पण हप्ता कुठे वाढला? एका पैशाने वाढला नाही.

नवरा — तेच तर. हप्ता वाढला नाही म्हणून वर्षं वाढली.

बायको — मला नीट समजेल असं सांगा.

नवरा — व्याज वाढलं की दोनच रस्ते. एक तर दर महिन्याला जास्त भरायचं, नाहीतर जास्त महिने भरायचं. आपण काही बोललो नाही की बँक आपली महिनेच वाढवून टाकते. मेसेज यायचा बघ. 'व्याजदरात बदल झाला आहे. आपल्या हप्त्यात बदल नाही.'

बायको — त्या मेसेजवर आपण आइस्क्रीम खाल्लंय.

नवरा — हो.

बायको — दोन वेळा! मला गाडीवर मागे बसवून नेलंत. म्हणालात, सगळ्या जगाचे हप्ते वाढले, आपला जागचा हलला नाही, बँक आपल्याला टरकून आहे. मी अख्ख्या गल्लीत सांगत फिरले.

नवरा — मेसेजच्या खाली अजून एक ओळ असायची. 'सुधारित मुदतीसाठी शाखेशी संपर्क साधा.' मला वाटलं, ते आपलं सगळ्यांनाच पाठवत असतील. नमस्कार-चमत्कार असतो तसं.

बायको — मुलींच्या फ्रॉकला मी खाली चार बोटं कापड आत दुमडून ठेवते. पोर वाढली की उसवायचं आणि लांब करायचं. बघणाऱ्याला वाटतं, फ्रॉक तोच आहे. तसं केलं त्यांनी आपल्याला.

नवरा — अगदी तसंच.

बायको — पण मी आईला समोर उभं करून, विचारून उसवते हो.

नवरा — त्यांनीही विचारलं म्हणे. त्या ओळीत.

बायको — आणि आजवर भरलं किती आपण?

नवरा — जाऊ दे ना आता.

बायको — सांगा. ऐकते मी.

नवरा — घेतलं होतं त्याच्या दुप्पट भरून झालंय. आणि घेतलं होतं त्यातलं निम्मं अजून तसंच उभं आहे.

बायको — हा कुठला हिशेब?

नवरा — सुरुवातीला शंभर भरले की त्यातले ऐंशी व्याजातच जातात. मूळ कर्जातून कमी होतात ते वीस. त्यात व्याज वाढलं, मग तेवढेही कमी होईनात. मॅनेजरने मला पाठकोऱ्या कागदावर काढून दाखवलं सगळं. पहिली कित्येक वर्षं आपण घराचे पैसे भरतच नव्हतो गं. पैसे वापरायला दिले म्हणून त्यांचं भाडं भरत होतो. वीस वर्षांत आज पहिल्यांदा कळलं मला. न कळतं तर बरं झालं असतं.

बायको — मी हा दात बसवला नाही.

नवरा — काय?

बायको — पुढचा दात. हसताना तोंडावर हात धरते, तो काय लाजते म्हणून? फिटल्यावर बसवू म्हटलं. समुद्र बघायला जायचं, फिटल्यावर. तुमच्या पाठीचं ऑपरेशन, फिटल्यावर.

नवरा — पुरे आता.

बायको — मूलसुद्धा आपण फिटल्यावरच म्हटलं होतं. निदान निम्मं फिटल्यावर म्हटलं होतं. मग वयच उलटलं. ते धरलंय का हो त्या मॅनेजरने त्याच्या पाठकोऱ्या कागदावर?

नवरा — पाणी पितो जरा.

बायको — प्या.

नवरा — तू रडू नकोस.

बायको — रडत नाहीये. मागच्या खोलीतल्या रंगाने डोळे चुरचुरतायत.

नवरा — वाळला का रंग?

बायको — खिडकीखाली ओलसर आहे अजून. सकाळी तुम्ही गेल्यावर दुसरा हात मारला. खाटेखालच्या विटा काढून टाकल्या, आईचे पाय टेकतील अशी खाली आणली. तुम्ही आलात की बसून दाखवणार होते.

नवरा — आईंना काय सांगायचं?

बायको — मला काय विचारता! रविवारी दादा तिला सोडायला येतोय. परवाच फोनवर सांगत होती, पिशवी भरून, वरून गाठ मारून तयार आहे म्हणून. आठ वर्षं ती दादाच्या घरी दोन खोल्यांमधल्या बोळात झोपतेय. जाणाऱ्या-येणाऱ्याचे पाय लागतात तिला. पण "माझ्याकडे ये" म्हटलं की एकच. फिटल्यावर येईन. तुमच्या मानेवर हप्ता असताना तिसरं तोंड नको म्हणते. आणि या घराचे पहिले पैसे भरायला स्वतःची साखळी मोडलीन तिने.

नवरा — येऊ दे त्यांना. मास्तरांचं भाडं गेलं तर गेलं. मी रखवालदाराची ड्यूटी धरतो कुठेतरी. बसूनच तर राहायचं असतं.

बायको — दोन महिन्यांनी तुम्ही निवृत्त होताय. पट्टा बांधल्याशिवाय मोजे चढवता येत नाहीत तुम्हाला. पगार बंद, भाडं बंद, मग हप्ता कशातून जाणार? माझ्या काजा-बटणांतून? दोन-चार हप्ते थकले की घर घेऊन जातील ते. मग आईला ठेवू कुठे?

नवरा — आपल्याजवळ, या पुढच्या खोलीत?

बायको — इथे मशीन, कापडाचे गठ्ठे, आपली दोघांची अंथरुणं. ते सगळं करेन मी, भिंतीला चिकटून झोपेन. पण बाथरूम? तळाचं मागच्या खोलीत आहे, ते भाडेकरूचं. आपलं जिना चढून गच्चीवर. तिला एक पायरी चढवत नाही.

नवरा — जन्मभर दुसऱ्यांच्या लिफ्ट चालू ठेवल्या मी.

बायको — तुम्ही नका हो आता असं बोलू. तुमचा काय दोष त्यात?

नवरा — मग असं कर. फिटलं म्हणून सांग त्यांना. येऊ देत. पुढचं पुढे बघू.

बायको — आईशी खोटं बोलू?

नवरा — खोटं कशाला, दहा मिनिटं म्हण.

(फोन वाजतो. बायको तो उचलते, स्पीकरवर टाकून मशीनवर केकशेजारी ठेवते.)

आई — काय गं, फिटलं का?

बायको — हो आई. फिटलं.

आई — अगं बाई! थांब, जरा टेकून बसते. फिटलं म्हणतेस? सुटलात रे पोरांनो! तुझ्या वहिनीला हाक मारते. नाही, थांब, आधी तू मला कागद वाचून दाखव.

बायको — कागद?

आई — ठरलंय आपलं. पहिली ओळ मला वाचून दाखवायची. साखळी गेलीय माझी त्यात.

बायको — आई, आत्ता चष्मा सापडत नाहीये.

आई — सुईत दोरा ओवतेस बिनचष्म्याचा आणि ओळ वाचता येत नाही? वाच.

बायको — हं. 'सदर घर…'

नवरा — स्थावर मालमत्ता.

बायको — 'सदर घर ही स्थावर मालमत्ता…'

आई — छान लिहिलंय. पुढे?

नवरा — कर्जमुक्त.

बायको — 'कर्जमुक्त झाली असून…'

आई — झाली असून काय?

बायको — झाली असून… झाली असून…

आई — जावईबापूंना म्हणावं, कुजबुजू नका. पाय गेलेत माझे, कान शाबूत आहेत.

नवरा — आई, तसं नाही—

आई — किती राहिलंय?

बायको — थोडंसंच गं.

आई — मी किती ते विचारलं.

बायको — सात वर्षं.

नवरा — आई?

बायको — आई! हॅलो! आहेस ना गं?

आई — आहे. बेरीज करत होते.

बायको — कसली बेरीज?

आई — माझ्या वयाची.

नवरा — आई, तुम्ही रविवारी याच. खोली तयार आहे. मी सांगतो ना.

आई — तुम्ही पाठ सांभाळा. आणि खोली रिकामी ठेवायची नाही, ऐकलंस का गं? आजच चार जणांच्या कानावर घाल. मास्तरांसारखा एकटा, शांत माणूस बघ. भाडं आगाऊ घे.

बायको — आई, मला तुला आणायचं होतं गं. सगळं एवढ्यासाठीच चाललं होतं माझं. मला फार वाईट वाटतंय.

आई — मग मला काय आनंद झालाय? मलाही वाटतंय. पण या बोळात रडलं की दोन्ही खोल्यांत ऐकू जातं, म्हणून गप्प आहे. रंग कुठला दिलास?

बायको — फिका पिवळा. तू सांगितला होतास तोच.

आई — आणि ऊन येतं का?

बायको — सकाळचं येतं. खाटेवर पडतं.

आई — बरं झालं. भाडेकरूला सांग, भिंतीला खिळे ठोकायचे नाहीत.

बायको — सांगते.

आई — नीट बजावून सांग. म्हणावं, आमच्या आईची खोली आहे.

बायको — आणि तुझ्या पिशवीचं काय करतेस?

आई — ती कशाला सोडू? राहू दे खाटेखाली, बांधलेली. औषधं तेवढी काढून घेते.